अंडाशय लवकर थकतो तेव्हा

१२ एप्रिल २०१६ रोजी लातूरच्या रेल्वे स्थानकात मिरजेहून एक गाडी आली. तिच्या १० टाक्यांमध्ये प्रवासी नव्हते, माल नव्हता. होते सुमारे ५ लाख लिटर पाणी. मांजरा धरण कोरडे पडले होते. तुम्ही त्या वेळी लहान असाल, पण घरच्या मोठ्या माणसांना विचारा. एक साधे गणित त्या उन्हाळ्यात सर्वांना पाठ झाले होते. टाकीत नवी भर पडत नसेल तर ती कधी रिकामी होणार, हे दोनच गोष्टींवर ठरते: आरंभीचा साठा किती आणि तो कोणत्या वेगाने घटतो.

पदार्थविज्ञान शिकवणाऱ्याने आज अंडाशयाविषयी का लिहावे? कारण तेथेही हेच गणित चालते.

साठा आणि वेग

मुलगी जन्मते तेव्हाच तिच्या दोन अंडाशयांत १० ते २० लाख अपक्व स्त्रीबीजे असतात. प्रत्येक बीजाभोवती पेशींचे एक आवरण असते. या जोडीला पुटक म्हणतात. पाळी सुरू होण्याच्या वयापर्यंत ३ ते ४ लाख पुटके उरतात. पुढे आयुष्यभरात अवघी ४०० च्या आसपास बीजे पक्व होऊन बाहेर पडतात. मग बाकीची कोठे जातात? ती अंडाशयातच आपोआप विरून जातात. साठा अगदी थोडा उरला की पाळी कायमची थांबते. भारतीय स्त्रियांत हे साधारणपणे ४६ व्या वर्षाच्या सुमारास घडते.

काही स्त्रियांत मात्र अंडाशयाचे काम चाळिशीच्या आतच मंदावते. याला अकाली अंडाशय-अक्षमता म्हणतात. अलीकडच्या अंदाजानुसार १०० स्त्रियांपैकी ३ ते ४ जणींना हा त्रास होतो. जन्मतःच एक एक्स गुणसूत्र अपुरे असणे, शरीराच्या संरक्षक यंत्रणेने स्वतःच्याच ग्रंथींवर हल्ला करणे, कर्करोगावरील औषधे किंवा किरणोपचार ही त्याची काही कारणे. पुष्कळदा मात्र कारण सापडतच नाही.

निदान कसे होते?

मेंदूच्या तळाशी पियूषिका ही वाटाण्याएवढी ग्रंथी आहे. ती एका संप्रेरकाद्वारे अंडाशयाला ‘काम कर’ असा निरोप धाडते. अंडाशयाने ईस्ट्रोजेन तयार केले की हा निरोप सौम्य होतो. उत्तरच आले नाही तर? बहिऱ्याशी बोलताना आपण आवाज चढवतो, तसेच पियूषिका करते. म्हणून चाळिशीच्या आतील स्त्रीची पाळी ४ महिने अनियमित किंवा बंद असेल आणि रक्तात या संप्रेरकाचे प्रमाण लिटरला २५ एककांहून अधिक असेल, तर डॉक्टरांना निदान करता येते.

प्रश्न केवळ मूल होण्याचा नाही. ईस्ट्रोजेन हाडांचे आणि रक्तवाहिन्यांचे रक्षण करते. ते लवकर घटले तर हाडे ठिसूळ होतात, हृदयविकाराचा धोका वाढतो, अंगातून वाफा निघतात, झोप उडते, मन खचते. हाडांची घनता मोजण्याची युक्ती तुम्हाला आवडेल. दोन वेगवेगळ्या ऊर्जांचे क्ष-किरण शरीरातून पाठवतात. हाड आणि मांस ते निरनिराळ्या प्रमाणात शोषतात. दोन अज्ञात राशी, दोन समीकरणे! हे तर तुम्ही वर्गात सोडवताच.

मराठवाड्यातील एक धडा

आपल्या शेजारच्या बीड जिल्ह्यात ऊसतोड करणाऱ्या स्त्रियांची पाहणी झाली होती. नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखालील शासकीय समितीने २०१९ साली जे आकडे पुढे आणले, त्यांनुसार ८२,३०९ स्त्रियांपैकी १३,८६१ जणींचे गर्भाशय काढलेले होते. म्हणजे दर सहा जणींमागे एक. ‘पिशवी काढली की कटकट मिटली’ असे आपल्याकडे सहज म्हणतात. पण त्याबरोबर दोन्ही अंडाशयही काढले तर ईस्ट्रोजेनचा मुख्य झरा त्याच दिवशी आटतो. अंडाशय ठेवले तरी ते काही वर्षे आधी थकू शकतात. ज्या हातांनी पुढे कोयता चालवायचा, त्यांचीच हाडे अशी अकाली दुबळी होतात.

मग उपाय? नैसर्गिक रजोनिवृत्तीच्या वयापर्यंत ही संप्रेरके औषधरूपाने देता येतात. स्तनाच्या कर्करोगासारखी अडचण नाही ना, हे डॉक्टर आधी पाहतात. जोडीला कॅल्शियम, ड जीवनसत्त्व, व्यायाम आणि तंबाखूपासून दूर राहणे. रिकामी टाकी औषधाने भरत नाही, पण तिच्या अभावी होणारे नुकसान पुष्कळ टळते. शिवाय टाकीची उपमा येथे थोडी अपुरी पडते: काही जणींचा अंडाशय मधूनच पुन्हा काम करतो आणि १०० पैकी सुमारे ५ जणींना उपचारांविना दिवसही जातात.

मुलींनो, वयाच्या १५ व्या वर्षापर्यंत पाळी आली नाही, किंवा आलेली पाळी ३ महिने थांबली, तर आईला किंवा बाईंना सांगा. कारण बहुधा साधेच असते, पण तपासणी हवी. नांदेड आणि लातूर, दोन्हीकडे शासकीय वैद्यकीय महाविद्यालयांची रुग्णालये आहेत.

आणि मुलांनो, हा लेख तुमच्यासाठीही आहे. एखाद्या वहिनीला, मावशीला कोणी ‘वांझ’ म्हणून हिणवले, तर लातूरची ती गाडी आठवा. धरण आटले म्हणून आपण शहराला दोष दिला नाही, पाणी पाठवले.