कानेतो शिंदो आणि पाण्याची कावड

युद्धोत्तर जपानात चित्रपट काढणे आणि तो दाखविणे, या दोन्ही गोष्टी पाच-सहा बलाढ्य कंपन्यांच्या हाती होत्या. दिग्दर्शक हा त्यांचा पगारी माणूस. अशा काळी, १९५० मध्ये, कानेतो शिंदो यांनी शोचिकु कंपनीतील पटकथालेखकाची नोकरी सोडली आणि दिग्दर्शक कोझाबुरो योशिमुरा व नट ताइजी तोनोयामा यांच्यासह स्वतःची चित्रसंस्था काढली. जीवनाकडे पाहण्याची त्यांची दृष्टी फार उदास आहे, अशी कंपनीची तक्रार होती.

उदास असण्यास कारण होते. १९१२ साली जन्मलेले शिंदो हिरोशिमा जिल्ह्यातले. महायुद्धात ते आरमारात भरती झाले, तेव्हा त्यांच्या शंभर जणांच्या तुकडीतून अवघे सहा वाचले. 'हिरोशिमाची मुले' या १९५२ च्या त्यांच्या चित्रपटात एक तरुण शिक्षिका आपल्या जुन्या विद्यार्थ्यांचा शोध घेत उद्ध्वस्त नगरीत हिंडते. त्यामागे उभ्या असलेल्या शिक्षकसंघटनेचे मात्र त्याने समाधान झाले नाही. शिंदो यांचा संताप आरडाओरडा करीत नाही, हे बहुधा तिला रुचले नसावे.

स्वातंत्र्याची किंमत कर्जाच्या रूपाने द्यावी लागली. १९६० च्या सुमारास संस्था बुडण्याच्या बेतात आली. मग जो चित्रपट काढायचा तो शेवटचा, असे समजून शिंदो मूठभर सहकाऱ्यांसह जपानच्या अंतर्समुद्रातील एका चिमुकल्या बेटावर गेले. तेथे 'उघडे बेट' तयार झाला. त्यात संवाद जवळजवळ नाहीतच. बेटावर गोडे पाणी नाही. म्हणून एक शेतकरी जोडपे शेजारच्या बेटावरून होडीने पाणी आणते, कावड खांद्यावर घेऊन उभा चढ चढते आणि रताळ्यांच्या वेलांना ओंजळ-ओंजळ पाजते. पुन्हा खाली, पुन्हा वर. प्रेक्षकाला प्रथम कंटाळा येतो. मग त्याचे लक्ष पावलांकडे जाते, पुढे कावडीच्या लवण्याकडे, आणि अखेर पाणी सांडेल की काय या धास्तीने त्याचा श्वास अडकतो. एकदा पत्नीच्या हातून बादली कलंडते. पती तिला थप्पड मारतो, आणि कोणी काही बोलत नाही. थोरला मुलगा दगावल्यावर तीच स्त्री पाणी जाणूनबुजून ओतून देते, रोपे उपटते, मातीत लोळून रडते. पती नुसता पाहतो. मग ती उठते आणि उरलेल्या रोपांना पाणी घालू लागते. नोबुको ओतोवा आणि तोनोयामा यांच्या खांद्यांवरील बादल्या खरोखरच भरलेल्या असत. ते ओझे अभिनयाने आणता आले नसते.

१९६१ मध्ये मॉस्कोच्या महोत्सवात त्यास सर्वोच्च पारितोषिक विभागून मिळाले, परदेशांत त्याची विक्री झाली आणि कर्ज फिटले. पुढे 'ओनिबाबा' (१९६४) सारखे भयचित्रही त्यांनी काढले. तेथेही भय निपजते ते उपासमारीतून.

'पोस्टकार्ड' हा त्यांचा अखेरचा चित्रपट २०११ मध्ये प्रदर्शित झाला, तेव्हा ते नव्याण्णव वर्षांचे होते. शंभरांपैकी वाचलेल्या सहांतील एक सैनिक मृत सोबत्याच्या विधवेकडे येतो. दोघे मिळून जमीन कसू लागतात, आणि खांद्यावर पुन्हा पाण्याची कावड येते. पुढच्याच वर्षी, वयाची शंभर वर्षे पूर्ण करून, शिंदो निवर्तले.