ओठ दिसत नाहीत तेव्हा

रामदास पाध्ये अर्धवटरावांना बोलतं करतात, तेव्हा आवाज बाहुल्याच्याच तोंडून येतोय असं आपले कान शपथेवर सांगतील. आवाज कुठून आला हे ठरवताना मेंदू कानांपेक्षा डोळ्यांवर जास्त भिस्त ठेवतो. ओठ हलले की आवाज त्यांचा. पण ओठ दाखवलेच नाहीत तर?

भीमाशंकरच्या जंगलालगतच्या कोंढवळ गावात पायल कपाडिया यांनी नेमकं हेच करून पाहिलं. ‘अँड व्हॉट इज द समर सेइंग’ हा त्यांचा २३ मिनिटांचा लघुपट २०१८च्या बर्लिन महोत्सवात दाखवला गेला. त्यात नामदेव मधाच्या शोधात झाडांचे शेंडे न्याहाळतो, गावावर दुपार उतरते, जमिनीतून धूर निघतो. आणि बायका हरवलेल्या प्रेमाबद्दल कुजबुजतात; ऐकू येतात, दिसत मात्र नाहीत. टेकायला तोंड न मिळालेला तो आवाज मग झाडावर, धुरावर, भिंतीवर जाऊन बसतो. गावच बोलू लागतं! इतक्या साध्या युक्तीतून आठवणीला राहायला जागा मिळते, याचं मला फार नवल वाटतं.

ही युक्ती आमच्या लातूर भागाला किती लागू पडेल! ३० सप्टेंबर १९९३च्या पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी किल्लारीचा भूकंप झाला. दगड-मातीच्या जाड भिंती आणि त्यांवरचं मातीचं जड माळवद. उन्हाळ्यात गारवा देणारं तेच ओझं झोपलेल्या माणसांवर कोसळलं. पुढे ५२ गावं नव्या जागी वसवली गेली. जुन्या घराकडे कॅमेरा न्यावा, तर घरच उरलेलं नाही.

आमचं रेणापूर लातूरच्या उत्तरेला, किल्लारी दक्षिणेला. पण माळवदाची घरं इकडचीही. ती पाहिलेली आजी अजून सांगते: घर किती खणांचं, ढेळजेत कोण बसायचं, पावसाळ्याआधी माळवदावर माती कशी टाकायची. रेणापूरच्या एखाद्या मुलीनं हे सगळं आधी नुसतं मोबाइलवर ध्वनिमुद्रित करावं, मग आजच्या स्लॅबच्या घरात, गच्चीवर, रिकाम्या जिन्यात निवांत चित्रण करावं आणि त्याखाली आजीचा आवाज सोडावा. आजी शब्दांनी एकेक खण उभा करत जाईल, समोर सिमेंटची भिंत असेल, आणि पाहणाऱ्याला दोन्ही घरं एकदम दिसतील. फक्त आजीचा चेहरा दाखवायचा मोह टाळायला हवा. तो दिसला की आवाज पुन्हा तिच्या ओठांवर परतेल आणि भिंत मुकी होईल.