हेडसेट बिघडलेला नसतो!

लोणावळ्याचा जुलै होस्टेलवाल्यांना सांगायला नको. आठ-आठ दिवस ऊन नाही, कपडे वाळत नाहीत, बाहेर पडायची सोय नाही. मग रूमवर गेम्स! त्यात रेक्टर सरांचा नियम, दहानंतर आवाज बंद. म्हणून मी पैसे साठवून पुण्याहून, तापकीर गल्लीतून, एक गेमिंग हेडसेट आणला. रात्री हौसेने गेम लावला तर स्क्रीनवर पाटी: 'एक्स-थ्रीडी-ऑडिओ १_७ डॉट डीएलएल' ही फाईल सापडत नाही. नावात 'ऑडिओ' दिसल्याबरोबर मी हेडसेटला दोषी ठरवलं आणि दुसऱ्या दिवशी भिजत लोकल पकडून तो परत करायला गेलो. दुकानदाराने तो त्याच्या कॉम्प्युटरला लावला. दोन्ही कानांत गाणं खणखणीत वाजलं! मुकाट्याने परतीची लोकल पकडली.

मग चूक कुणाची? उत्तर आपल्याच स्टेशनवर दिसतं. मुंबईहून पुण्याकडे येणाऱ्या बहुतेक एक्सप्रेस गाड्यांना कर्जतला मागून जादा इंजिनं लावतात. त्यांना 'बँकर' म्हणतात. बोरघाटाचा चढ ३७ फुटांना १ फूट, तो पुढच्या इंजिनाला एकट्याने झेपत नाही. लोणावळ्याला बँकर सुटतात आणि पुढच्या गाडीसाठी खाली जातात. प्रत्येक गाडीने स्वतःची जादा इंजिनं मुंबईपासून कशाला आणायची?

डीएलएल, म्हणजे डायनॅमिक लिंक लायब्ररी, हा असाच सामाईक बँकर. अनेक प्रोग्रॅमना लागणारं काम एका फाईलमध्ये लिहून ठेवायचं, ज्याला हवं त्याने चालू होताना जोडून घ्यायचं. बँकर जागेवर नसेल तर गाडी कर्जतलाच उभी. त्यात डब्यातल्या प्रवाशाचा, म्हणजे आपल्या हेडसेटचा, काय दोष?

आता आवाजाला असा कुठला घाट चढायचा असतो? डब्यावर '७.१' छापलेलं असलं तरी बहुतेक गेमिंग हेडसेटमध्ये स्पीकर दोनच असतात, एका कानाला एक. मग शत्रूची पावलं मागून येतायत हे कळतं कसं? डावीकडचा आवाज डाव्या कानाला आधी आणि जोरात पोचतो, उजव्या कानाला साधारण अर्ध्या मिलिसेकंदाने उशिरा. शिवाय कानाच्या पाळीमुळे मागच्या आणि पुढच्या आवाजाचा पोत बदलतो. मेंदू एवढ्यावरून दिशा ओळखतो. हे फरक हिशेबाने तयार करायचे असतात. कुठला आवाज कुठून, किती जोरात, हा हिशेब माझ्या गेममध्ये ती हरवलेली फाईल करते. काही हेडसेटचं स्वतःचं सॉफ्टवेअर त्यावर आणखी संस्कार करतं.

बरं, फाईल हरवली कशी? हरवली नव्हतीच, नव्या विंडोजबरोबर ती आलेलीच नव्हती. विंडोज ८ पासून हे काम दुसऱ्या फाईलमध्ये सामावून घेतलं. जुने गेम मात्र जुन्याच नावाने हाक मारतात.

इथेच खरा घोटाळा होतो. माझ्यासारखाच अडकलेला शेजारच्या रूममधला एक मित्र कुठल्याशा साइटवरून नुसती ती एक फाईल घेऊन आला, पेनड्राइव्हवर. डीएलएल प्रोग्रॅमच्या पोटात बसून चालते, प्रोग्रॅमला जे अधिकार तेच तिला. त्या फाईलबरोबर काय आलं देव जाणे, चौथ्या दिवशी त्याचं मशीन फॉरमॅट करावं लागलं. सेमिनारचा रिपोर्ट त्यातच होता, सबमिशनला दोन दिवस उरलेले असताना.

फाईल निर्मळ असली तरी भानगड आहेच. ६४ बिटच्या विंडोजमध्ये 'सिस्टिम ३२' फोल्डरात ६४ बिटच्या फाईली असतात आणि ३२ बिटच्या 'सिस-वॉव-६४' मध्ये. (हे नाव ठेवणाऱ्याला व्हायव्हाला बसवायला हवं!) चुकीची फाईल चुकीच्या जागी टाकली की गेम नवीनच एरर देतो.

म्हणून सुटी फाईल आणूच नका. मायक्रोसॉफ्टच्या साइटवर 'डायरेक्टएक्स एंड-यूजर रनटाइम्स, जून २०१०' हे पॅकेज फुकट मिळतं. त्यात असे जुने बँकर एकत्र आहेत आणि ते योग्य जागी आपोआप बसतात. आधी फोल्डरात उघडायचं, मग आतला सेटअप चालवायचा. माझं काम तेवढ्यावर झालं. त्यानंतरही आवाज आला नाही तर विंडोजच्या साउंड सेटिंगमध्ये आउटपुट म्हणून हेडसेट निवडलाय का ते बघा, मग पिन नीट बसली आहे का ते बघा. आणि मगच पुण्याची लोकल पकडा.