पानिपतावर फौज कशी अडकली?
कुणाचे वाटोळे झाले की आजी म्हणते, "त्याचं पानिपत झालं." ते कसे झाले ते सांगतो.

१७६० साली सदाशिवरावभाऊ फौज घेऊन उत्तरेत गेले. बरोबर बायामाणसे आणि यात्रेकरूही होते. एवढ्या तोंडांना रोज किती पीठ लागत असेल! त्यांना मागे ठेवायला हवे होते, असे मला वाटते. भाऊ कुंजपुऱ्याकडे असताना अब्दालीने बागपतजवळ यमुना ओलांडली आणि दिल्लीची वाट अडवली. दाणागोटा येईना. अडीच महिने फौज पानिपतावर अडकली. घोडीसुद्धा उपाशी मेली. शेवटी १४ जानेवारी १७६१ ला लढाई झाली. इब्राहिमखान गारद्याच्या तोफांनी दुपारपर्यंत शत्रूला मागे रेटलं. मग अब्दालीने राखून ठेवलेली ताजी फौज पुढे घातली. आपली माणसे तोवर पार थकली होती.