एक्स्प्लेनर : नांदेड विद्यापीठाच्या पहिल्या कुलगुरूंचं कृष्णवर्णीय अमेरिकेशी नातं काय?

विष्णुपुरीतलं स्वामी रामानंद तीर्थ मराठवाडा विद्यापीठ 17 सप्टेंबर 1994 रोजी, मुक्तिसंग्राम दिनी स्थापन झालं. त्याच वर्षी जानेवारीत, वर्षानुवर्षांच्या संघर्षानंतर, औरंगाबादच्या मूळ विद्यापीठाला बाबासाहेबांचं नाव मिळालं होतं. नांदेडचे पहिले कुलगुरू झाले डॉ. जनार्दन वाघमारे.

लातूरच्या राजर्षी शाहू महाविद्यालयाचे प्राचार्य म्हणून त्यांचं नाव ‘लातूर पॅटर्न’शी जोडलं जातं. नंतर ते लातूरचे नगराध्यक्ष आणि 2008 ते 2014 राज्यसभेचे खासदार होते. इंग्रजीच्या या प्राध्यापकांचं एक काम मात्र फारसं चर्चेत येत नाही. त्यांनी मराठीत ‘अमेरिकन निग्रो : साहित्य आणि संस्कृती’ हे पुस्तक लिहिलं. (शीर्षकातला शब्द तेव्हा रूढ होता, आज तो अपमानास्पद मानतात.)

त्याचं महत्त्व काय? 1972 मध्ये मुंबईत दलित पँथर उभी राहिली, तिचं नावच अमेरिकेतल्या ब्लॅक पँथरवरून घेतलेलं. पण कृष्णवर्णीयांची मूळ इंग्रजी पुस्तकं मराठवाड्यातल्या किती विद्यार्थ्यांच्या हाती पडणार? ते लेखन वाघमारेंनी मराठीत समजावून दिलं. धागा तसा जुनाच. जोतीराव फुल्यांनी 1873 मध्ये ‘गुलामगिरी’ हा ग्रंथ अर्पण केला होता, तो अमेरिकेतल्या गुलामांना मुक्त करणाऱ्यांना.