चीजकेक आणि आमची पंगत

ज्या पदार्थाला घरांतील निम्मीं माणसें हात लावूं शकत नाहींत, तो घरांत शिजला तरी त्यास घरचा म्हणावें कीं नाहीं, हा प्रश्न गेल्या वर्षीं नातीच्या दहाव्या वाढदिवशीं आमच्यापुढें उभा राहिला. तिनें एका दुकानांत चीजकेक खाल्ला होता आणि वाढदिवसाला तोच हवा, असा हट्ट धरला होता. सूनबाईंनीं तो मोठ्या हौसेनें केला. परंतु त्यांत तीन अंडीं होतीं. आमच्याकडे तरुण मंडळी अंडें खातात, वडील मंडळी खात नाहींत. माझी थोरली बहीण, जिला सारें घर आक्का म्हणतें, ती "आज पोट जरा जड आहे" एवढेंच बोलली आणि तिनें ताटांतला लाडू मोडून खाल्ला. तें पाहून नातीनेंही आपला तुकडा तसाच ठेवला. शाळेंत सारा जन्म मुलांचीं कोडीं सोडविण्यांत गेला. हें घरचें कोडें सोडविल्यावांचून मला चैन पडेना.

प्रथम हा पदार्थ आहे तरी काय, याचा शोध घेतला. नांवांत केक असला तरी तो केकच्या जातीचा नव्हे. केक मैद्यावर उभा राहतो, हा विरजलेल्या दुधाच्या घट्ट भागावर. इसवी सनापूर्वीं दुसऱ्या शतकांत रोमच्या केटोनें शेतकीवर ग्रंथ लिहिला. त्यांत दोन भाग चीज, एक भाग पीठ व एक अंडें मळून, खालीं पानें घालून, झाकणाखालीं मंद विस्तवावर भाजण्याची कृति आहे. कोंकणांतील पानगी ज्यांनीं खाल्ली आहे, त्यांस ही रीत अगदींच परकी वाटणार नाहीं. आजचा मलईदार चीजकेक मात्र मुख्यतः अमेरिकेचा. तेथें न्यूयॉर्क राज्यांतील चेस्टर गांवीं विल्यम लॉरेन्स यानें १८७० च्या दशकांत मलईयुक्त मऊ चीज बनविण्यास आरंभ केला, आणि १८८० पासून तें 'फिलाडेल्फिया' या नांवानें विकलें जाऊं लागलें. अमेरिकेच्या नियमानुसार अशा क्रीम चीजमध्यें निदान ३३ टक्के स्निग्धांश असावा लागतो. चीजकेकची श्रीमंती ती हीच.

संस्कृत शिकलेल्यास येथें आमिक्षा आठवल्यावांचून राहत नाहीं. चातुर्मास्य यागाच्या वैश्वदेव पर्वांत तापलेल्या दुधांत दहीं घालून तें फाडीत. घट्ट होई ती आमिक्षा विश्वेदेवांना, आणि उरलेलें पाणी तें वाजिन वाजी देवतांना. मीमांसकांनीं या उदाहरणाचा पुष्कळच काथ्याकूट केला आहे. ओडिशांत छेना व साखर एकत्र करून, सालाच्या पानांत गुंडाळून, निखाऱ्यांवर कित्येक तास भाजण्याची जुनी चाल आहे. त्यास छेनापोड म्हणतात, आणि त्याला अंडें लागत नाहीं. मग चीजकेकांत अंड्याचें काम तरी काय? तें आंचेनें गोठतें आणि मिश्रण धरून ठेवतें. तेंच काम कंडेन्स्ड मिल्क व थोडें कॉर्नफ्लोअर यांच्या जोडीनें दह्याचा चक्काही करूं शकेल, असा मीं तर्क बांधला.

तर्क बरोबर होता, पण पहिला प्रयत्न फसला. ओव्हन २०० अंशांवर तापला होता. केकला भेगा पडल्या, कडांना पाणी सुटलें, आणि आंत तो रवाळ झाला. आम्ही दोघें खिन्न होऊन पाहत असतां आक्का दारांतून म्हणाली, "अरे, खरवस कोणी उघड्या आंचेवर ठेवतो का? त्याला पाण्यांत बसवा." सारें मर्म त्या एका वाक्यांत होतें. तीव्र आंचेनें दुधांतील प्रथिनें आकसतात आणि आपल्यांतील पाणी बाहेर टाकतात. बाहेरच्या भांड्यांतील पाणी १०० अंशांपलीकडे जात नाहीं. म्हणून केकच्या कडा करपत नाहींत, आणि तो सर्व बाजूंनीं सारखा धरतो.

आतां आमच्या घरीं ठरलेली कृति सांगतों. १५० ग्रॅम गव्हाचीं बिस्किटें कुटून, ६० ग्रॅम वितळलेलें लोणी घालून, २० सेंटिमीटर व्यासाच्या बाजू सुटणाऱ्या भांड्याच्या तळाशीं दाबून बसवावीं. ४०० ग्रॅम चक्का घ्यावा. दहीं फ्रिजमध्येंच टांगावें, म्हणजे तो आंबट होत नाहीं. त्यांत मिक्सरमधून मऊ केलेलें २५० ग्रॅम ताजें पनीर, १०० ग्रॅम दाट साय, ३०० ग्रॅम कंडेन्स्ड मिल्क, दोन मोठे चमचे कॉर्नफ्लोअर आणि एका लिंबाची किसलेली साल मिसळावी. श्रीखंडाप्रमाणें सर्व पुरणयंत्राच्या बारीक जाळींतून काढावें. गुठळी राहतां कामा नये. मात्र फेसूं नये; आंत कोंडलेली हवा आंचेनें फुगते, मग बसते, आणि भेगा पडतात. भांड्यास बाहेरून फॉइल गुंडाळून तें उकळत्या पाण्याच्या परातींत ठेवावें, आणि १५० ते १६० अंशांवर सुमारें एक तास भाजावें. कडा घट्ट व्हाव्या, मध्यभाग किंचित् हालावा. तो पूर्ण घट्ट होण्याची वाट पाहिल्यास केक कोरडा झालाच म्हणून समजावें. नंतर ओव्हन बंद करून दार किलकिलें ठेवावें. तासाभरानें केक बाहेर काढावा, आणि पूर्ण निवल्यावर रात्रभर फ्रिजमध्यें ठेवावा. घाई करणाऱ्यास हा पदार्थ प्रसन्न होत नाहीं.

एक सावधगिरी सांगावयाची राहिली. कित्येक चीजें वासराच्या जठरांतील रसानें विरजलेलीं असतात, आणि न भाजतां केलेल्या चीजकेकांत पुष्कळदां जिलेटिन असतें; तें जनावरांच्या कातड्या-हाडांपासून निघतें. अंडें नाहीं म्हणून निर्धास्त राहूं नये. विकत घेतलेल्या डब्यावरील हिरवा ठिपका अवश्य पाहावा.

यंदाच्या वाढदिवशीं नातीनें पहिला तुकडा आक्काच्या ताटांत वाढला, आणि ती खाते कीं नाहीं, हें पाहत तेथेंच उभी राहिली. आक्कानें तो सावकाश संपविला, दुसरा मागून घेतला, आणि मग निवाडा दिला, "बरा झाला आहे, गोड मात्र अंमळ कमी चाललें असतें." पुढच्या वर्षीं कंडेन्स्ड मिल्क कमी घालण्याचें सूनबाईंनीं कबूल केलें आहे.