बादली, चाकं आणि कॅमेरा

2001 सालचा पावसाळा. नागपूरच्या हिस्लॉप कॉलेजचे क्रीडाशिक्षक विजय बारसे सर पाऊस थांबण्याची वाट पाहत आडोशाला उभे होते. समोर वस्तीतले पोट्टे एका फुटक्या बादलीला लाथा हाणत होते. सरांनी त्यांच्या पायात चेंडू दिला. त्यातूनच पुढे झोपडपट्टी फुटबॉल, म्हणजे आजची ‘स्लम सॉकर’ संस्था उभी राहिली.

कॅमेऱ्याला अशी, साधनांवाचून रंगणाऱ्या खेळाची दृश्यं फार आवडतात. मनालीजवळच्या वशिष्ठ गावचा शिवा केशवन ल्यूज खेळायचा. या खेळात घसरगाडीवर उताणं पडून, पाय पुढे करून बर्फाच्या नळीतून खाली सुटायचं. ब्रेक नसतो. पोटऱ्यांचा दाब आणि खांद्यांची हालचाल एवढ्यावरच वळणं घ्यायची. भारतात ल्यूजचा ट्रॅकच नव्हता, म्हणून शिवाने गाडीला चाकं लावली आणि हिमालयातल्या डांबरी रस्त्यावर सराव केला. वाहनं आणि मेंढ्यांचे कळप चुकवत तो निघाल्याचं चित्रण जगभर पाहिलं गेलं. पण 1998च्या नागानोपासून 2018च्या प्योंगचांगपर्यंत सहा हिवाळी ऑलिंपिकं तो खेळला, ती वीस वर्षांची मेहनत काही मिनिटांच्या चित्रफितीत कशी मावणार?

नागपूरच्या पोट्ट्यांच्या वाट्याला कॅमेरा आला तो वेगवेगळ्या रूपांत. ऑक्टोबर 2014 मध्ये आमिर खानच्या ‘सत्यमेव जयते’ या टीव्ही कार्यक्रमात बारसे सर दिसले. 2010 साली रिओच्या होमलेस वर्ल्ड कपमध्ये, म्हणजे बेघरांच्या फुटबॉल स्पर्धेत, भारताचं कर्णधारपद सांभाळलेला अखिलेश पॉलही त्यात आला आणि त्याने आपली कहाणी आपल्याच तोंडाने सांगितली. मार्च 2022 मध्ये नागराज मंजुळे यांचा ‘झुंड’ हा चित्रपट आला. त्यात सरांवर बेतलेली भूमिका अमिताभ बच्चन यांनी केली, पण पडदा व्यापला तो नागपूरच्या नवख्या मुलांनी. त्यांतल्या अंकुश गेडामला पदार्पणाचा फिल्मफेअरही मिळाला.

याच होमलेस वर्ल्ड कपवर 2008 मध्ये ‘किकिंग इट’ हा माहितीपट निघाला होता. 2006च्या केपटाऊन स्पर्धेतल्या काही खेळाडूंच्या मागे तो फिरतो. हा फुटबॉल मोठ्या मैदानावरचा नव्हे. एका बाजूला गोलकीपर धरून चौघे, मैदान जेमतेम 22 मीटर लांब आणि 16 मीटर रुंद, सात-सात मिनिटांचे दोन डाव. एवढ्याशा जागेत चेंडू पायाशी थांबवायला उसंत मिळत नाही. आला की पुढे द्यायचा, दिला की लगेच जागा बदलायची. गल्लीबोळात खेळून तयार झालेल्या पायांना हे चटकन जमतं.

या स्पर्धेचा एक नियम मात्र कडक आहे. खेळाडूला तिथे आयुष्यात एकदाच उतरता येतं, त्यामुळे दर वेळी संघ नव्याने बांधावा लागतो. रिओनंतर अखिलेशलाही तिथे पुन्हा खेळता येणार नव्हतं. तो प्रशिक्षक झाला आणि पुढच्या पोट्ट्यांना शिकवू लागला.